उद्यापासून नको

दसरा जवळ आला की आमच्या घरात दोन गोष्टींची हटकून आठवण होते. पहिली, माळ्यावर ठेवलेल्या आकाशकंदिलाची. आणि दुसरी, इमारतीखाली उभ्या असलेल्या आमच्या मोटारीची. मोटार म्हटल्याबरोबर वाचकांनी भुवया उंचावू नयेत. मॅट्रिकच्या पुढे न गेलेल्या, पोटासाठी मुलांना शिकवणाऱ्या आणि हौसेसाठी कादंबऱ्या लिहिणाऱ्या माणसाला जशी परवडावी तशीच ती आहे. दुसऱ्याने वापरून सोडलेली, रंगाने विटलेली आणि चढावर कुरकुरणारी. पण दसऱ्याला तिलाही झेंडूची माळ लागते, आणि माळ घालायची तर आधी अंघोळ घालावी लागते.

या अंघोळीपायी गेल्या वर्षभरात मला पुष्कळ शिकायला मिळाले. महिन्याच्या बोलीने चाललेला एक व्यवहार मी अर्ध्या मिनिटात मोडला. तसाच दुसरा मोडायला मला चाळीस दिवस लागले. असे का, याचा शोध घेता घेता मी दीडशे वर्षे मागे, पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावापर्यंत जाऊन आलो. दिवाळीच्या फराळाबरोबर तोच प्रवास वाचकांपुढे ठेवतो.

आमची इमारत कोथरुडातली, जुनी, बारा बिऱ्हाडांची. तिथल्या गाड्या पुसायला पर्वतीच्या पायथ्याच्या वसाहतीतून एक गृहस्थ पहाटे पाच वाजता सायकलवरून येत. आम्ही सगळे त्यांना मामा म्हणत असू. हँडलला अडकवलेली बादली, कॅरिअरवर फडक्यांची गुंडाळी, आणि खिशात एक छोटी वही. एका बादलीत ते दोन गाड्या निपटून काढीत. पहाटे फडके पिळल्याचा आवाज आला की मी उठायचा. महिन्याचे पाचशे रुपये. पैसे आगाऊ द्यायचे, असा त्यांचा एकच आग्रह होता. पहिल्या तारखेला रेशन भरायचे असते, असे ते सांगत.

गेल्या वर्षी दसऱ्याच्या आधी आमच्या चिरंजीवांनी फोनवर एका कंपनीची जाहिरात दाखवली. आठवड्यातून तीनदा माणसे घरी येणार, फवाऱ्याने गाडी धुणार, आतून झाडणार, सुगंध मारणार. महिना फक्त सहाशे नव्याण्णव. पहिला महिना निम्म्या दरात. सभासद व्हायला बोटाचा एक स्पर्श पुरेसा. मला मोह झाला. दोनशे रुपयांनी काय होते, आणि सणासुदीला गाडी चकचकीत दिसली तर बरेच, असा मी हिशेब केला.

एकवीस सप्टेंबरची पहाट. मामा फडकी पिळत होते. खाली जाऊन मी म्हणालो,

"मामा, उद्यापासून नको."

त्यांनी वर पाहिले. "काय चुकलं का, मास्तर?"

"नाही हो. मुलाने दुसरी व्यवस्था केली आहे."

"बरं." त्यांनी हात पुसले, वही काढली, पान उलटले. "नऊ दिवस राहिले. आणि दोन खाडे माझे, बायकोला दवाखान्यात नेलं तेव्हाचे. अकरा दिवसांचे एकशे त्र्याऐंशी होतात." एकशे ऐंशी रुपये त्यांनी माझ्या हातावर ठेवले. "तीन रुपये सुटे नाहीत. लिहून ठेवतो."

मी म्हणालो, "राहू द्या हो मामा." पण ते वहीत काहीतरी लिहीतच होते. जिना चढताना मला जरा चुटपुट लागली. वर आल्यावर चहा गरम होता. चुटपुट फार वेळ टिकली नाही.

आता दुसऱ्या व्यवहाराकडे वळू. त्या कंपनीचे नाव सांगण्यात अर्थ नाही, कारण तिच्यासारख्या पुष्कळ आहेत. दोन-तीन महिने गाडी खरोखर आरशासारखी होती. मग तीन दिवसांचे दोन झाले, दोनाचा एक झाला. पावसाळा लागला तसे "पाऊस असल्यामुळे आज सेवा नाही" एवढा निरोप नेमाने येऊ लागला. गाडी येत नव्हती धुतली, पण पहिल्या तारखेला पैसे मात्र खात्यातून न चुकता जात. आषाढात मी सौभाग्यवतींना म्हणालो, "हे बंद करतो." त्या म्हणाल्या, "अहो, करा की. त्यात काय आहे?"

त्यात बरेच काही होते. सभासद होण्याची जागा फोनच्या पहिल्याच पानावर, हिरव्या ठसठशीत अक्षरांत होती. सभासदत्व सोडण्याची जागा मला चौथ्या पानाच्या तळाशी, करड्या बारीक अक्षरांत सापडली. ती दाबल्यावर प्रश्न आला : "तुमच्या गाडीला धुळीत ठेवण्याची तुमची खरोखर इच्छा आहे का?" मी 'होय' म्हटले. मग एक महिना निम्म्या दरात राहण्याची विनंती आली. ती नाकारली. मग कारण विचारले. ते सांगितले. मग "आमच्या प्रतिनिधीशी बोला" असे सांगून एक क्रमांक दिला गेला. त्या क्रमांकावर गाणे वाजे. गाणे संपल्यावर एक मुलगी अत्यंत गोड आवाजात तक्रारीचा क्रमांक देई आणि सात दिवस थांबायला सांगे. सात दिवसांनी नवे गाणे, नवी मुलगी, नवा क्रमांक. तेवढ्यात एक तारीख उजाडली आणि सहाशे नव्याण्णव पुन्हा गेले.

शेवटी बँकेत काम करणाऱ्या माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याने मार्ग दाखवला. "सर, कंपनीच्या दारात कशाला उभे राहता? पैसे जातात ते बँकेतून. तुम्ही दिलेली परवानगी बँकेत जाऊन काढून घ्या." त्याने सांगितले ते पान उघडले. तिथे 'रद्द' असा एक शब्द होता. तो दाबला, फोनवर आकडे आले, ते भरले, आणि सुटलो. गणपती बसायच्या सुमारास मी मोकळा झालो. कंपनीचा निरोप त्यानंतरही आला : "आम्हाला तुमची आठवण येते."

मामांना मात्र असा निरोप पाठवता आला नसता. त्यांच्याकडे माझा फोन नंबरही नव्हता.

असो. भाषा शिकवणाऱ्या माणसाला कोडे पडले की तो आधी शब्दकोश काढतो. मीही काढला, आणि मौज वाटली. बांधून घेतलेल्या व्यवहाराचे जुने शब्द मराठीत भरपूर आहेत. 'रतीब' हा शब्द अरबीतून आपल्याकडे आला. नेमून दिलेला शिधा हा त्याचा मूळ अर्थ. घोड्याहत्तींच्या दाणावैरणीचा रतीब असे, पुढे तो दुधाला लागला, आणि आता वर्तमानपत्रालाही लागतो. पेशवाईतल्या पुण्यात ज्यांच्या पागा होत्या त्यांच्या पदरी मोतद्दार असत. घोड्याला खरारा करायचा, पाणी दाखवायचे, अंग पुसून लखलखीत ठेवायचे, ही त्यांची कामे. पहाटे बादली घेऊन येणारे आमचे मामा हे त्या मोतद्दारांचेच वारस; फक्त घोडा बदलला आहे.

रतीब आला की त्याच्याबरोबर 'खाडा' येतो. गवळी आला नाही त्या दिवशी आमची आई भिंतीवरच्या दिनदर्शिकेत तारखेभोवती पेन्सिलीने गोल काढी. महिनाअखेर ते गोल मोजून पैसे कापले जात, आणि गवळीही त्याबद्दल कुरकुर करीत नसे. मिळाले नाही त्याचे पैसे द्यायचे नाहीत, हा करार कोणी लिहून ठेवलेला नव्हता. तो पेन्सिलीच्या गोलात होता. ज्याच्या हिशेबाला खाडा ठाऊक नाही असा व्यवहार आमच्या आईला समजलाच नसता.

आणि व्यवहार संपवायचा झाला तर त्यालाही शब्द आहे. 'फारखत'. फारिग म्हणजे मोकळा, खत म्हणजे कागद. दोन्ही मिळून मोकळे केल्याचा कागद. तुझ्यामाझ्यातले देणेघेणे संपले, आता माझा तुझ्यावर काही दावा नाही, असे लिहून दिले की झाली फारखत. आज आपण तो शब्द 'फारकत' असा उच्चारतो आणि नवराबायकोच्या भांडणापुरता ठेवतो. पण त्याचे मूळ घर बाजारात आणि कचेरीत होते. आत येण्याचा कागद असतो तसा बाहेर पडण्याचाही कागद असला पाहिजे, ही समज त्या एका शब्दात आहे.

नव्या काळातल्या महिन्याच्या वर्गणीचाही पुण्याला जुना परिचय आहे. १८४८ साली इथे 'पूना नेटिव्ह जनरल लायब्ररी' निघाली. आजचे पुणे नगर वाचन मंदिर ते हेच. वाचनालयाचे सभासद आपण सगळेच कधी ना कधी असतो. त्याची रीत किती सरळ! अनामत भरा, वर्गणी भरा, पुस्तक न्या. सोडायचे असेल तेव्हा पुस्तक परत करा, अनामत घ्या, पावतीवर सही करा. सोडून जाणाऱ्याला ग्रंथपाल अडवून ठेवीत नाहीत. फार तर चष्म्यावरून पाहतात.

मग बाहेर जाण्याचे दार लपवण्याची कला आली कुठून? ती फोनबरोबर आली असे मला प्रथम वाटले होते. पण ती फार जुनी आहे, आणि तिची सर्वांत कडू गोष्ट आपल्याच जिल्ह्यात घडलेली आहे.

सुपे हे शहाजीराजांच्या जहागिरीतले नामांकित ठाणे. आज ते बारामती तालुक्यात येते. एकोणिसाव्या शतकात ते बाजाराचे गाव होते आणि सावकारांच्या पेढ्या तिथे होत्या. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस विलायतेला जाईनासा झाला, आणि इकडच्या कापसाला सोन्याचे मोल आले. शेतकऱ्याला कर्ज हवे तेवढे मिळू लागले. युद्ध संपले, भाव कोसळले, सरकारने शेतसारा मात्र वाढवला. देणाऱ्याने हात आखडला आणि जुने कर्ज डोक्यावर तसेच राहिले.

इथपर्यंतची गोष्ट शाळेच्या पुस्तकात असते. त्यातली एक बारीक गाठ मला या मोटारीच्या प्रकरणानंतर खऱ्या अर्थाने उमगली. १८५९ साली सरकारने मुदतीचा कायदा केला होता. कर्जाचा रोखा तीन वर्षांपुरताच धरला जाईल, असे त्यात होते. हेतू चांगला होता. व्याज वर्षानुवर्षे साचत राहू नये. पण घडले उलटे. दर तीन वर्षांनी सावकार शेतकऱ्याला बोलावून नवा रोखा लिहून घेऊ लागला. जुने मुद्दल अधिक थकलेले व्याज, ही सगळी रक्कम नव्या रोख्यात मुद्दल म्हणून बसे. पुढच्या तीन वर्षांनी पुन्हा तेच. शेतकऱ्याने मधे काही फेडले असेल तर त्याची पावती बहुधा त्याच्यापाशी नसे. वाचता येत नसल्यामुळे कागदावर काय आहे हेही ठाऊक नसे. तो अंगठा उठवी आणि घरी जाई. आजच्या भाषेत सांगायचे तर त्याचे सभासदत्व आपोआप नवे होई, आणि थांबवण्याची जागा कुठल्याच पानावर नसे.

१२ मे १८७५ रोजी आसपासच्या गावांतले शेतकरी सुप्याला जमले आणि त्यांनी सावकारांच्या पेढ्यांना वेढा घातला. त्यांची मागणी होती वह्या आणि रोखे यांची. मिळाले ते कागद त्यांनी जाळले. धान्याची दुकाने लुटली गेली, काही घरांना आगीही लागल्या. तिथून हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कितीतरी गावांत गेले. इतिहासात याला 'दख्खनचे दंगे' म्हणतात. पण चौकशीसाठी नेमलेल्या आयोगालाही एक गोष्ट दिसली : माणसांवर हात त्या मानाने थोडा पडला, राग होता तो कागदावर. जिथे सावकाराने रोखे मुकाट्याने काढून दिले तिथे सहसा त्याच्या केसालाही धक्का लागला नाही. ज्याला फारखत मिळत नव्हती त्याने ती चुलीतल्या निखाऱ्याने लिहून घेतली.

कागद जाळून कर्ज फिटत नाही, आणि जाळपोळीने झालेले नुकसान कोणाच्याच हिताचे नसते. पुष्कळजण तुरुंगात गेले. पण त्या धुरातून पुढे १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा निघाला आणि तो पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्यात काय होते ते पाहिले तर आश्चर्य वाटते. शेतकऱ्याने पैसे भरले की त्याला लेखी पावती मिळालीच पाहिजे. वर्षातून एकदा हिशेब मागितला तर सावकाराने तो करून दिला पाहिजे. हवे असल्यास देण्याघेण्याची नोंद असलेले पासबुक दिले पाहिजे. आणि न्यायाधीशाने शेवटच्या रोख्यावर न थांबता व्यवहार मुळात सुरू कसा झाला तिथपर्यंत मागे जाऊन पाहिले पाहिजे. न्यायमूर्ती रानडे यांनी या कायद्याखालचे विशेष न्यायाधीश म्हणून काम केले. सगळे दुःख या कायद्याने संपले असे नाही. तरी एक तत्त्व त्याने मांडले : ज्याला आत यायला लावता त्याला आपण कुठे उभे आहोत हे कळले पाहिजे आणि बाहेरचा रस्ता दिसला पाहिजे.

आता कोणी म्हणेल, मास्तर, कुठे सुप्याचा नागवलेला शेतकरी आणि कुठे तुमचे सहाशे नव्याण्णव! मान्य आहे. त्याची जमीन गेली. माझा फक्त संताप झाला. दोन्ही दुःखे एका तराजूत घालण्याचा वेडेपणा मी करणार नाही. पण कुलूप लहान असो की मोठे, किल्लीची बनावट एकच असते. आपोआप नवा होणारा करार, न मिळणारी पावती, आणि 'पुरे' म्हणायला जागाच नाही : या तीन गोष्टी जिथे एकत्र येतात तिथे दुबळा पक्ष अडकतो.

या कुलपावर पुढच्या काळात ज्यांनी हात चालवला त्यांच्यातही पुणे मागे नव्हते. दादरा-नगरहवेलीच्या मुक्तिसंग्रामात भाग घेतलेले बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ साली पुण्यात ग्राहक पंचायत सुरू केली. तो काळ टंचाईचा होता. दुकानदार देईल ते आणि सांगेल त्या भावाने निमूट घ्यायचे, ही सवय लागलेल्या माणसांना 'तुम्ही ग्राहक आहात, तुम्हाला हक्क आहेत' असे सांगणे सोपे नव्हते. पुढे २४ डिसेंबर १९८६ रोजी देशात ग्राहक संरक्षण कायदा झाला. म्हणून त्या तारखेला आपण राष्ट्रीय ग्राहक दिन पाळतो. त्याच्या जागी २०१९ चा नवा कायदा आला.

आणि माझी सुटका ज्या बँकेच्या पानावर झाली त्याचाही इतिहास आहे. खात्यातून आपोआप जाणाऱ्या हप्त्यांसाठी रिझर्व्ह बँकेने नियम घालून दिले आणि १ ऑक्टोबर २०२१ पासून त्यांची कडक अंमलबजावणी सुरू झाली. पैसे काढण्याच्या किमान चोवीस तास आधी ग्राहकाला कळवायचे आणि दिलेली परवानगी मागे घेण्याची सोय ठेवायची, असे त्यांत आहे. म्हणजे मला दर महिन्याच्या अखेरीस निरोप येत होता. जाहिरातींच्या ढिगाऱ्यात मीच तो वाचत नव्हतो. ३० नोव्हेंबर २०२३ रोजी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ग्राहकाला फसवणाऱ्या मांडणीचे तेरा प्रकार नावानिशी सांगून त्यांना मनाई केली. सभासदत्व सोडण्याची वाट लपवणे किंवा ती मुद्दाम लांबलचक करणे, हा त्यांतला एक. आणि गाडीला धुळीत ठेवल्याबद्दल माझी जी लाज काढण्यात आली, तसे ग्राहकाला खजील करून थांबवणे हाही एक! जर्मनीत १ जुलै २०२२ पासून एक मोठा सुटसुटीत नियम आहे : संकेतस्थळावर चालू करार करता येत असेल तर तो सोडण्याचे बटणही तिथेच, स्पष्ट अक्षरांत असले पाहिजे. अमेरिकेत असाच नियम ऑक्टोबर २०२४ मध्ये जाहीर झाला, पण जुलै २०२५ मध्ये तिथल्या न्यायालयाने तो रद्द ठरवला. तेव्हा हे भांडण अजून जगभर चालूच आहे.

हे सगळे वाचून मी मोठ्या समाधानात होतो. दीडशे वर्षांची परंपरा माझ्या पाठीशी उभी आहे, असे वाटत होते. २०१९ च्या कायद्यातली अन्याय्य कराराची व्याख्या मी याच तोऱ्यात वाचू लागलो, आणि तिथे एका कलमाशी थबकलो. ग्राहकाशी केलेला करार वाजवी कारणाशिवाय एकतर्फी मोडण्याचा अधिकार कंपनीने स्वतःकडे ठेवला, तर तो करार अन्याय्य ठरू शकतो.

वाजवी कारणाशिवाय. एकतर्फी. मला एकदम एकवीस सप्टेंबरची पहाट आठवली.

मी ज्या क्षणी कंपनीपुढे दुबळा होतो त्याच्या आधी दहा महिने मी मामांपुढे सबळ होतो. तिथे मला ना चौथे पान उघडावे लागले, ना गाणे ऐकावे लागले. "उद्यापासून नको" हे दोन शब्द पुरले. बाहेर जाण्याचा रस्ता दोघांनाही खुला असला पाहिजे हे खरे. पण ज्याच्या महिन्याच्या रेशनाचा एक कोपरा माझ्या दारात आहे, त्याच्या बाबतीत तो रस्ता इतका उतरता असावा का?

हा प्रश्नही पुण्याने पूर्वी विचारलेला आहे. १९८० साली या शहरात धुणीभांडी करणाऱ्या बायकांनी संप केला. एका ठिकाणी ठिणगी पडली आणि तो पेठांमधून, नव्या वस्त्यांमधून पसरत गेला. पुणे शहर मोलकरीण संघटना त्यातून उभी राहिली. पगारवाढ हवी, भरपगारी रजा हवी, असे त्यांचे म्हणणे होते. म्हणजे खाडा कापण्याची जी पेन्सील आमची आई चालवी, तिच्या दुसऱ्या टोकाला कोण उभे असते ते त्या संपाने दाखवले. दूध आले नाही तर पैसे कापणे रास्त. पण माणूस आजारी पडला तर? महाराष्ट्रात २००८ साली घरकामगारांसाठी कल्याणकारी मंडळाचा कायदा झाला, त्यामागे अशा कितीतरी वर्षांचे बोलणे आहे. मामांनी बायकोला दवाखान्यात नेले ते दोन दिवस स्वतःच्या हाताने कापून मला परत दिले होते, आणि मी ते घेतले होते.

गेल्या महिन्यात मी मामांना शोधून काढले. आमच्या गल्लीपासून तीन गल्ल्या सोडून एका इमारतीखाली ते एका लांबलचक गाडीचे टप पुसत होते. सायकल तीच, बादली नवी.

"मामा, पुन्हा याल का?"

"आत्ता जागा नाही, मास्तर. सकाळी आठच्या आत सगळ्या उरकाव्या लागतात. दिवाळीनंतर एकांची बदली होणार आहे. मग बघू."

मी म्हणालो, "गेल्या वेळी तुम्हाला एकदम सांगितले, ते बरोबर झाले नाही. या वेळी ठरवूनच टाकू. मला सोडायचे असेल तर मी महिनाभर आधी सांगेन. तुम्हाला सोडायचे असेल तर तुम्ही मला सांगा. आणि दवाखान्याचे खाडे धरायचे नाहीत."

ते हसले. "महिन्याचं कोण बोलतंय? तुम्ही निदान खाली येऊन तोंडानं सांगितलंत. एका ठिकाणी मी आठ दिवस पुसत होतो, आणि मग वॉचमन म्हणाला, तुमचं काम कवाच बंद झालंय."

एवढे बोलून त्यांनी खिशातून वही काढली. तीच वही, कोपरे दुमडलेली. दोन-चार पाने मागे जाऊन एका ओळीवर बोट ठेवले. आमच्या बिऱ्हाडाचा क्रमांक, २१ सप्टेंबर, आणि पुढे शाळकरी मुलीच्या वळणदार अक्षरांत : 'बंद. देणे रु. ३.' ते अक्षर त्यांच्या मुलीचे. संध्याकाळी बाप सांगे आणि ती लिही.

त्यांनी खिशातून नाणी काढली, एक दोनाचे आणि एक रुपयाचे, आणि माझ्या तळहातावर ठेवली. मग माझ्याच शर्टाच्या खिशातले पेन मागून घेऊन त्या ओळीवर एक आडवी रेघ ओढली.

"झालं चुकतं. आता नवीन पानावर लिहू."

कंपनीने माझा शेवटचा महिना अजून परत केलेला नाही, आणि करेल असे वाटतही नाही. लक्ष्मीपूजनाला लक्ष्मी रस्त्यावरचे व्यापारी वह्यांची पूजा करतील, पाडव्याला नव्या वहीत पहिली नोंद होईल. आमच्याकडे पूजेला तेवढी मोठी वही नाही. या वर्षी पाटावर हळदकुंकू वाहून तीन रुपये ठेवायचे असे आम्ही ठरवले आहे. मोटार यंदा मी स्वतःच धुतली. एका बादलीत जमले नाही, तीन लागल्या.